मार्चपर्यंत खरं असलेलं उत्तर

“सर, एक विचारू का? गुरूच्या चंद्रावर ज्वालामुखी असतो का हो?”

मी गुलमंडी बाजारातल्या दुकानात माझा रेडिओ परत न्यायला गेलो होतो. विचारणारे बाबूराव, रेडिओ दुरुस्त करणारे. मी कॉलेजात जिऑलॉजी, म्हणजे भूशास्त्र शिकवतो हे त्यांना ठाऊक होतं. फुकटचं ज्ञान वाटायला मास्तरला कितीसा वेळ लागतो? मी उभ्याउभ्याच सांगून टाकलं, “छे हो. पेटता ज्वालामुखी फक्त पृथ्वीवर. चंद्रबिंद्र सगळे कधीच गार झालेत.”

बाबूरावांनी सोल्डरिंग आयर्न खाली ठेवलं. “मग आमची मंदा गेली म्हणायची.”

मंदा त्यांची भाची. गाव फुलंब्री, पण मामाकडं राहून दुसऱ्या एका कॉलेजात बी.एस्सी.च्या शेवटच्या वर्षाला होती. गेल्याच महिन्यात तिची परीक्षा झाली होती.

“तिनं पेपरात तसंच लिवलंय,” बाबूराव म्हणाले. “लई भरवशानं. म्या म्हणलं, अगं, पुस्तकात नाय ते कशाला लिवायचं? तर म्हणती, मामा, पुस्तक जुनं झालं.”

“तिला हे सांगितलं कुणी?”

“ह्यांनी.” त्यांनी फळीवर ओळीनं मांडलेल्या रेडिओंकडं बोट केलं.

दुरुस्त झालेला रेडिओ गिऱ्हाइकाला देण्याआधी चार-सहा तास चालू ठेवतात. त्याला रनिंग टेस्ट म्हणतात. शॉर्टवेव्हचा सेट असला की बाबूराव परदेशातलं इंग्रजी स्टेशन लावून ठेवत. एवढ्या लांबचं स्टेशन धरलं म्हणजे काम पक्कं, असा त्यांचा हिशेब. मंदा कॉलेज सुटल्यावर तिथंच स्टुलावर बसून अभ्यास करायची. मार्चमध्ये असाच कुणाचा तरी रेडिओ टेस्टला लागला होता आणि त्यावर बातमी आली. एक यान गुरूजवळून गेलं, त्यानं फोटो काढले आणि गुरूच्या एका चंद्रावर ज्वालामुखी उसळताना दिसला.

“कारण बी सांगितलं तिनं मला,” असं म्हणत बाबूरावांनी लोखंडी तारेचा तुकडा उचलला आणि एकाच जागी दहा-पंधरा वेळा इकडून तिकडं वाकवला. “लावा हात. गरम झाली का नाय? त्या चंद्राचं बी तसंच. गुरू एकीकडनं वढतो, दुसरे चंद्र दुसरीकडनं. मुरड खाऊन खाऊन पोटातनं तापतो.”

मी तारेला हात लावला. ही तार मी चार दिवसांपूर्वी एका उत्तरपत्रिकेत वाचली होती.

तो पेपर मीच काढला होता. तपासलाही मीच. पेपर डिसेंबरात काढतात, परीक्षा एप्रिलमध्ये होते. प्रश्नांबरोबर मॉडेल आन्सर लिहून द्यावं लागतं, म्हणजे कोणत्या मुद्द्याला किती मार्क ते. त्यात आठ मार्कांचा एक प्रश्न होता : सूर्यमालेत जिवंत ज्वालामुखी फक्त पृथ्वीवरच का आढळतात? माझं उत्तर सोपं होतं. खडक वितळून लाव्हा व्हायला पोटात उष्णता लागते. गोळा लहान असला की तो लवकर निवतो, बशीतला चहा निवतो तसा. आपल्या चंद्रावरचे काळे डाग म्हणजे जुन्या लाव्ह्याची मैदानंच. आपल्या शहराभोवती जो काळा कातळ आहे, त्याच जातीचा तो दगड. पण तिथली चूल विझून युगं लोटली. डिसेंबरात यातला शब्दन् शब्द बरोबर होता.

मंदाच्या उत्तराचं पहिलंच वाक्य होतं, ‘हे विधान या मार्चपर्यंत खरं होतं.’ ते वाचून मी मोठ्यानं हसलो होतो. बायकोला हाक मारून वाचूनही दाखवलं होतं. मग आठपैकी एक मार्क दिला, तोही अक्षरासाठी, आणि समासात लाल शाईनं शेरा मारला : ‘ही कादंबरी आहे, भूशास्त्र नव्हे.’ चार मार्कांनी ती कॉपी, म्हणजे उत्तरपत्रिका, नापास झाली होती. माझा रेडिओ फेब्रुवारीपासून बंद होता आणि तो दुरुस्तीला टाकायला मला मे उजाडला, हे मला तेव्हा महत्त्वाचं वाटलं नव्हतं.

“ह्यो एकच विषय तिला अवघड गेलाय,” बाबूराव सांगत होते. “पाणी शोधायचं सरकारी खातं हाय ना, तिथं लॅबमधी जागा मिळतीय. पर जूनमधी पासचा कागद दाखवला तरच. न्हाईतर तिचा बाप आणिक एक साल थांबायचा नाय. पाचोडचं स्थळ धरून बसलाय.”

मी रेडिओ तिथंच ठेवला आणि सायकल काढली.

मार्क दुरुस्त करणं आता माझ्या हातात नव्हतं. कॉप्यांचं बंडल आणि मार्कलिस्ट मी चीफ मॉडरेटरकडं दोन दिवसांपूर्वीच जमा केली होती. चीफ मॉडरेटर म्हणजे आम्हा सगळ्या परीक्षकांच्या वरचा माणूस. त्याच्या सहीशिवाय अर्धा मार्कही हलत नाही. ते होते सय्यद सर. हैदराबादेत उर्दूत शिकलेले आणि शिस्तीला कडक. आम्ही त्यांना टरकून असायचो. तरी मी थेट त्यांचं घर गाठलं.

“मॉडेल आन्सर किसने लिखा?” त्यांनी विचारलं.

“मीच, सर.”

“लड़की का जवाब उससे मिलता?”

“नाही.”

“फिर बात ख़तम. चाय पियो.”

“सर, मॉडेल आन्सरच चुकलंय. डिसेंबरात बरोबर होतं. मार्चमध्ये गुरूचा एक चंद्र पेटलेला निघाला.”

त्यांनी चष्म्यावरून माझ्याकडं पाहिलं. “लड़की पहचान की है?”

लपवता आलं असतं. पण सरांसमोर खोटं बोलायची माझी छाती नव्हती. कॉपी कुणाची ते तासाभरापूर्वीच कळल्याचं मी सांगितलं, तिच्या मामाकडं माझा रेडिओ असल्याचंही सांगितलं.

“तो उस कॉपी को आप अब हात भी नक्को लगाओ,” सर म्हणाले. “और रेडिओ पे सुनी हुई बात मेरेकू नक्को. छपा हुआ लाओ. कल शाम को मार्कलिस्ट युनिव्हर्सिटी में जाती.”

छापील कुठून आणायचं? कॉलेजची लायब्ररी सुट्टीत बंद. परदेशी जर्नल बोटीनं यायचं, सहा-सहा महिने उशिरा. घरी वर्तमानपत्र येत होतं, पण परीक्षेच्या धांदलीत मी ते धड वाचलंच नव्हतं आणि रद्दी तर कधीच गेली होती. हताश होऊन घरी आलो. पाणी प्यायला स्वयंपाकघरात गेलो आणि फळीवर लोंबणारी कागदाची कातरलेली नक्षी दिसली. पाडव्याच्या साफसफाईत बायको दरवर्षी फळ्यांवर नवे पेपर अंथरते. नवे म्हणजे ताज्या रद्दीतले. पाडवा मार्चच्या अखेरीस झाला होता.

“डबे खाली उतरव,” मी म्हणालो.

“आत्ता? काय हरवलंय?”

“मार्च महिना.”

“तो फळीवर आहे. डाळींच्या खाली,” ती शांतपणे म्हणाली.

दोघांनी मिळून तीन फळ्या रिकाम्या केल्या. बातमी सापडली ती चहाच्या डब्याखाली. कोपऱ्यातल्या जेमतेम चार ओळी आणि त्यांच्याभोवती डब्याच्या बुडाचा गंजकट गोल. दोन महिने रोज सकाळी मी तो डबा उचलून चहा करत होतो. इतकी लाज मला नोकरीत कधी वाटली नव्हती.

बायकोनं बातमी वाचली. “जिला हसलात ती हीच ना?”

“हो.”

“मग त्याच अंकाचं पहिलं पान पण न्या. त्याच्यावर तारीख आहे. नाहीतर सर म्हणतील, हे कधीचं?”

दुसऱ्या दिवशी सकाळी सय्यद सरांनी दोन्ही पानं टेबलावर सरळ केली. कागदाला हळदीचा वास येत होता. त्यांनी चार ओळी दोनदा वाचल्या.

“मेरा भी एक पर्चा ऐसाच था,” ते म्हणाले. “पुलिस ॲक्शन के साल का. सवाल था, रियासत का कारोबार कौन चलाता? पर्चा छपा तब एक हुकूमत थी, हम लिखने बैठे तब दूसरी. मैंने लिखा, फ़ौजी गव्हर्नर. जो आँख को दिख रहा था वही लिखा. जाँचने वाले के पास पुराना जवाब था. एक मार्क से मेरा साल गया.”

मग त्यांनी स्वतः बंडल सोडलं, मंदाची कॉपी काढली आणि ते उत्तर सावकाश वाचलं. माझा शेराही वाचला असणार. हिरव्या शाईनं त्या शेऱ्यावर एक सरळ रेघ मारली, शेजारी सहा लिहिले आणि सही केली.

न राहवून मी विचारलं, “दोन कशाचे कापले, सर?”

“चाँद का नाम नहीं लिखी.” त्यांनी बाकीचं बंडल माझ्याकडं सरकवलं. “अब ये सब फिर से देखो. और किसी ने लिखा होगा तो उसका भी हक़ है. और जिन्होंने किताब का लिखा, उनके मार्क वैसेच रखो. उनका क्या क़ुसूर?”

त्यांच्या व्हरांड्यात बसून दुपारभर मी सगळ्या कॉप्यांतला तो प्रश्न पुन्हा वाचला. गुरूचा चंद्र आणखी कुणीच लिहिला नव्हता. एका पठ्ठ्यानं जिवंत ज्वालामुखी दौलताबादच्या किल्ल्याखाली असल्याचं लिहिलं होतं. बहुधा तो भर उन्हाळ्यात किल्ला चढला असावा.

निकाल लागल्यावर मी रेडिओ आणायला गेलो. आता त्या जागी मोबाईलची कव्हरं मिळतात, पण तिथून जाताना सोल्डरिंगच्या राळेचा वास मला अजून आठवतो. बाबूरावांनी आधी पेढा हातावर ठेवला, मग रेडिओ. मंदा स्टुलावर बसलेली होती, मांडीवर नोकरीचा फॉर्म. मी तिला तेव्हा पहिल्यांदाच पाहिलं. ती उठून पाया पडली आणि मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

“सर, पेपर तपासणारे सर रेडिओ ऐकत असतील का हो?” तिनं विचारलं. “म्हणून दिले असतील त्यांनी मार्क?”

“नाही,” मी म्हणालो. “त्यांचा रेडिओ बंद होता.”

ती हसली. तिला ती थट्टा वाटली. पुढं ती त्या खात्यातून अधिकारी होऊन निवृत्त झाली, पण खरं काय ते मी तिला आजवर सांगितलेलं नाही.

त्यानंतर वीस वर्षं मी पेपर काढले. प्रत्येक मॉडेल आन्सरच्या डोक्यावर मी तारीख घालायचो. कुणी विचारलं तर सांगायचो, या तारखेपर्यंत खरं आहे, पुढचं मुलांना विचारा.