जाळीच्या दारावरची पेज

२००५च्या सुमारास मुलीच्या ज्युनिअर कॉलेजात पहिल्यांदाच मुलींचा फुटबॉल संघ झाला. कशाबशा बारा जणी जमल्या, त्यातल्या एकीचा पाय दुसऱ्याच सामन्यात मोडला. उरल्या बरोबर अकरा. माझी मुलगी बचावात, डाव्या बाजूला. मोसमभर त्या हरत होत्या. आठ गोल खाऊन आली तरी ती जेवताना सांगायची, "बाबा, मागच्या वेळी नऊ होते!"

शेवटच्या सामन्याला मी ऑफिसातून लवकर निघून गेलो. मध्यंतराला आमच्या मुली एका गोलने पुढे होत्या. तेवढ्यात विजांचा इशारा देणारा भोंगा वाजला, सगळ्यांना मैदानाबाहेर काढलं आणि सामना रद्द झाला. तो पुढच्या शनिवारी, पुन्हा पहिल्यापासून खेळायचा ठरला.

शुक्रवारी आमचं इंडियाचं विमान होतं. पुण्याला पुतण्याची मुंज होती.

"मी नाही येत," मुलगी म्हणाली. "गोलकीपरच्या घरी राहीन, इथेच सेंगकांगला. तिची आई हो म्हणालीय."

"लोक विचारतील, मुलगी कुठाय? काय सांगू, फुटबॉल खेळतेय?"

"हो. तेच सांगा ना. मी नसले तर दहाच जणी उरतात. कॅनॉट, बाबा, जमणारच नाही."

"अहो, राहू दे तिला," बायको म्हणाली. मी ऐकलं नाही. परदेशात राहूनही आमची मुलगी हाताबाहेर गेलेली नाही, हे मला तिथे दाखवायचं होतं. तेव्हा मी त्याला संस्कार म्हणत होतो.

मुंजीसाठी कॉलेज रजा देणार नव्हतं. एमसी, म्हणजे डॉक्टरांचा दाखला असला की कुणी काही विचारत नाही. बिशानमधल्या आमच्या इमारतीखालच्या दवाखान्यात मी तिला घेऊन गेलो आणि तिचं पोट दुखतंय असं मीच सांगितलं. डॉक्टरांनी तिच्याकडे पाहिलं. तिने माझ्याकडे पाहिलं आणि हो म्हणून मान हलवली. शुक्रवार-शनिवारची एमसी मिळाली. सोमवारपासून सुट्टीच होती.

मुंजीत तिने पंगतीत वाढलं, सगळ्यांच्या पाया पडली. "किती गुणी आहे हो!" असं चार जणांनी म्हटलं. मी सुखावलो होतो, हेही सांगायला हवं.

आठ दिवसांनी परत आलो तर आमच्या जाळीच्या दाराला एक पिशवी टांगलेली होती. आत डब्यात तांदळाची पेज होती, आंबलेली. मुंग्यांची रांग कुलपापर्यंत गेली होती. डब्यावर मार्करने 'व्हेज' लिहिलं होतं. सोबत कार्ड होतं, दहा जणींच्या सह्यांचं: हरलो, पण तू लवकर बरी हो.

समोरच्या चिनी आजी दार उघडून बाहेर आल्या. "तुझ्या मैत्रिणी आल्या होत्या, सगळ्या चिखलाने भरलेल्या. सिक, सिक म्हणत होत्या. मी म्हटलं, नो सिक लाह! गो इंडिया, वेडिंग!" मुंज त्यांना कळली नसती म्हणून आम्ही लग्नच सांगितलं होतं.

"मग?" मुलीने विचारलं.

"मग काय, पिशवी लावली, गेल्या."

मुलीने बॅगही आत नेली नाही. बादली आणली आणि दार घासायला बसली. मी ब्रश मागितला, तिने दिला नाही.

"तुझ्या सरांना फोन करतो," मी म्हणालो. "सांगतो, चूक माझी होती."

"नको बाबा. एमसीवर नाव माझं आहे."

मी फोन केला नाही. तिने नको म्हटल्यावर मला सुटल्यासारखं वाटलं, याची लाज मला सगळ्यात जास्त वाटते. फोन तरीही करता आला असता.

सुट्टी संपल्यावर ती त्या दहा जणींना काय म्हणाली, त्या तिला काय म्हणाल्या, ते तिने कधी सांगितलं नाही. ती पुन्हा सरावाला गेली नाही. जेवताना शेजारी बसायची, विचारलं तेवढं बोलायची. त्या शनिवारी किती गोल झाले, ते मला अजून माहीत नाही.