आमचे पॅटागोनियाचे मामा

जगातलं कुठलंही संभाषण आमच्या मामांच्या हाती द्या, तिसऱ्या वाक्याला ते पॅटागोनियात पोचलेलं असतं. मामा म्हणजे माझ्या बायकोचे सख्खे मामा. वय अठ्ठ्याहत्तर, मुक्काम इंग्लंडातलं रीडिंग गाव, सगळी हयात कौन्सिलच्या ड्रेनेज विभागात गेलेली. तुम्ही सहज म्हणा, "काय मामा, पाऊस काही थांबत नाहीये." मामा म्हणणार, "इथे थांबत नाही, आणि तिथे पडत नव्हता." तिथे म्हणजे कुठे, हे विचारायची चूक नवखा माणूस करतो आणि मग त्याच्या चहाचं पाणी होतं.

तर झालं होतं असं, की दीडशेहून जास्त वर्षांपूर्वी वेल्समधली काही कुटुंबं लिव्हरपूलहून गलबतात बसून अर्जेंटिनाच्या दक्षिणेला, पॅटागोनियात गेली. इकडे शाळेत पोर वेल्श बोललं की त्याच्या गळ्यात लाकडी पाटी अडकवायचे. मुलांना आपली भाषा बोलता यावी एवढ्यासाठी ही माणसं उठून गेली ती थेट ओसाड माळावर. उतरल्यावर कळलं, प्यायलाही धड पाणी नाही. मग त्यांनी नदीवरून पाट काढले, गहू पिकवला, प्रार्थनेला चॅपेलं बांधली, आणि तिथल्या काही चहाच्या दुकानांत आजही वेल्श ऐकू येतं. मामा हे अशा थाटात सांगतात, की वाटावं, स्वतः त्या गलबतावर होते आणि बोट लागून आडवे झाले होते. पाटांपाशी आले की ते चष्मा काढतात. "आम्ही जन्मभर पाणी बाहेर काढलं हो. त्यांनी आत आणलं," असं म्हणून ते चष्मा पुसतात.

साठी उलटल्यावर मामा वेल्श शिकले. दर शनिवारी तिकडच्या एका निवृत्त शिक्षिकेशी त्यांचा व्हिडिओ कॉल असतो. तिला इंग्रजी येत नाही, यांना स्पॅनिश येत नाही, त्यामुळे दोघं वेल्शमधून एकमेकांच्या गुडघेदुखीची चौकशी करतात. मामी शेजारी मटार सोलत बसलेल्या असतात. "माझ्या गुडघ्याबद्दल कधी एक शब्द विचारला नाही," असं त्या मला ऐकवतात. पण दिवाळीला त्या बाईला कार्ड पाठवतात ते मामीच.

एकदा मी मामांना गाडीतून वेल्समध्ये, कार्डिफला नेलं. तिथे कॉफीच्या काउंटरवर मामांनी वेल्शमध्ये ऑर्डर दिली. ती मुलगी म्हणाली, "सॉरी लव्ह, मी वेल्श नाही, इंग्लंडातल्या स्विंडनची." एवढ्यावर कुणीही गप्प बसलं असतं. मामांनी तिला गलबतात बसवलं, उतरवलं, पाटांपर्यंत आणलं. मागे रांग दारापर्यंत गेली. शेवटी तिने कॉफीचे पैसेच घेतले नाहीत, आणि वेल्श बोलणाऱ्यांना इथे सवलत असते अशी मामांची आजतागायत समजूत आहे. मला मात्र मेल्याहून मेल्यासारखं झालं होतं. मी तसा तापटच. परतीच्या वाटेवर M4 मोटरवेला लागल्याबरोबर मी विचारलं, "मामा, तुमचा आणि त्या लोकांचा संबंध तरी काय?"

 मामा खिडकीबाहेर बघत म्हणाले, "आमची नीता पाच वर्षांची असताना शाळेतल्या बाई म्हणाल्या, मूल मागे पडतंय, घरी इंग्लिशच बोला. मी सरकारी हुकूम आल्यासारखं फ्रिजवर लिहून लावलं, इंग्लिश ओन्ली. ती म्हणायची, बाबा, पाणी. मी पेला हातात धरून उभा. वॉटर प्लीज म्हणेपर्यंत देत नसे. गळ्यातली पाटी मीच अडकवली हो, जावईबापू." मी गाडी चालवत राहिलो. 

नीता आता मिल्टन कीन्सला फार्मासिस्ट आहे, अठ्ठेचाळीस वर्षांची. आई-बापावर जीव टाकते, रोज फोन करते, पण सगळं इंग्रजीतून. तिच्या तोंडून एकदा मराठी ऐकावं एवढी एकच इच्छा मामांना उरली होती, आणि ते मागायचं तोंड आपल्याला नाही असं त्यांचं ठाम मत होतं.

म्हणून त्यांनी वेल्श लोकांची रीत आणली. पॅटागोनियात त्यांचं साहित्य संमेलन भरतं. तिथे टोपणनावाने कविता पाठवायची, निकालाला ते नाव पुकारलं की कवीने गर्दीतून उभं राहायचं आणि बक्षीस म्हणून खुर्ची घ्यायची. खुर्चीत बसवण्याआधी तलवार तीनदा अर्धी उपसून लोकांना विचारायचं, सलोखा आहे का? मामांनी आमच्या मराठी मंडळाच्या दिवाळी कार्यक्रमात स्पर्धा जाहीर केली: इथेच जन्मलेल्यांसाठी, दहा ओळी मराठी. बक्षिसासाठी घरच्या सहा खुर्च्यांपैकी एक तीन आठवडे घासून पॉलिश केली. "सहाव्या पाहुण्याला काय मांडीवर घेऊ?" मामी म्हणाल्या.

कुणीच काही पाठवणार नाही या काळजीने मी डाव्या हाताने, मुद्दाम चुका करून एक कविता लिहिली आणि टाकली. बायकोनेही मला न सांगता तेच केलं. मंडळाच्या सेक्रेटरींनीही. मामांनी मला बाजूला घेतलं आणि म्हणाले, "जावईबापू, चुका तुमच्याच आहेत, पण फार विचार करून केलेल्या आहेत. खरी एकच आलीय." कुणाची, ते सांगितलं नाही.

कार्यक्रमात त्यांनी ती वाचली. आठच ओळी होत्या. त्यातल्या दोन मला पाठ आहेत: "मला सगळं समजते. मला वाटला, बाबांना माझी मराठी आवडत नाही." मग मामांनी टोपणनाव पुकारलं, "फ्रिजवाली".  मागच्या रांगेत कोट हातात घेऊन नीता उभी राहिली.

ती पुढे येऊन खुर्चीपाशी थांबली. शिवजयंतीच्या नाटकातली पत्र्याची तलवार अर्धी उपसून मामांनी विचारलं, सलोखा आहे का? सभागृह पढवल्याप्रमाणे म्हणालं, आहे. दुसऱ्यांदाही म्हणालं. तिसऱ्यांदा मामांनी लोकांकडे बघितलंच नाही, आणि लोक गप्प राहिले. "आहे, बाबा," नीता म्हणाली. मामांना नंतर तलवार म्यानात घालता येईना, ती मामींनी घातली. मी रडलो, उगाच कशाला लपवू.

त्यानंतर नीता घडाघडा मराठी बोलू लागली असं काही झालं नाही. फोन अजून इंग्रजीतच असतो. खुर्ची मिल्टन कीन्सला गेली, आणि मामांकडे जेवायला गेलो की मी स्वयंपाकघरातल्या स्टुलावर बसतो. पण नीता आली असेल तर जेवता जेवता मान वर न करता म्हणते, "बाबा, पाणी." पाण्याचा जग समोरच असतो, मामी हात पुढे करतात, पण मामा कुणाला हात लावू देत नाहीत. दुखऱ्या गुडघ्यावर हात टेकून स्वतः उठतात आणि पेला भरून तिच्या हातात देतात.