रेश्माचा गुडघा

रेश्मा नदाफ पहिल्यांदा बास्केटबॉलच्या कोर्टवर उतरली, त्या संध्याकाळी आम्ही पोट धरधरून हसलो होतो. तिच्या हातातून चेंडू निसटला, समोरच्यांनी तो पळवला, आम्ही सगळ्या उलट्या फिरलो आणि ही बया तशीच नाकासमोर धावत गेली, बोर्डाच्या खांबाला हात लावला आणि मग मागं वळली. एकदा नव्हे, चांगलं पाच-सहा वेळा. शेवटी आमच्या कदम सरांनी शिट्टी फुंकली. "नदाफ, त्या खांबाला नवस बोललीयस काय गं?" ही घामाघूम. चेहऱ्यावर मात्र आपलं काय चुकलं याचा पत्ता नाही. म्हणाली, "आवं सर, खांब शिवल्याबिगर मागं कसं वळायचं? फाऊल हुतंय की!"

इस्लामपूरच्या शाळेत ती सहा वर्षं खो-खो खेळलेली. पाठलाग करताना एकदा दिशा धरली की खांब येईपर्यंत ती सोडायची नाही, हे तिच्या हाडात मुरलेलं होतं. सांगलीत विश्रामबागच्या आमच्या कॉलेजात त्या वर्षी मुलींची खो-खोची टीमच जमली नाही, म्हणून सरांनी तिला आमच्यात आणून सोडली. आणि तिला वळायला शिकवायचं काम आलं माझ्याकडे. मी पक्की सांगलीची, सातवीपासून बास्केटबॉल खेळणारी आणि खरं सांगायचं तर जरा शिष्टच. एक पाय जागेवर रोवून दुसऱ्यानं गर्रकन कसं फिरायचं, ते मी तिच्याकडून महिनाभर घोटून घेतलं. ती इतकं छान शिकली की दिवाळीनंतर तिनं माझीच जागा घेतली.

आज हे हसत लिहितेय, पण तेव्हा जळफळाट झाला होता नुसता. चेंडू पुढं घेऊन जाणारी, कुणाला कधी द्यायचा ते ठरवणारी एक मुलगी टीममध्ये असते. ती मी होते. आता ती रेश्मा झाली आणि मी बाकावर. बरं, तिच्यावर धड रागावताही यायचं नाही. तिचे अब्बा इस्लामपुरात गाद्या भरायचे आणि सोमवारी ती घरून आली की वेणीत कापूस अडकलेला असायचा. मी काढायला गेले की म्हणायची, "ऱ्हाऊ दे गं, अब्बा आल्यागत वाटतंय." माझ्या डब्यातली पोळी न विचारता उचलायची आणि आपली भाकरी-चटणी माझ्यापुढं सरकवून वर ऐकवायची, "खा. बाकावर बसून भूक लय लागती." मी फणकारले की तिचं ठरलेलं वाक्य यायचं, "हितं चिडून कोण बास्केट देतंय? चिडायचं तर कोर्टवर चीड."

कोर्टवर ती कधीच चिडायची नाही. कुणी ढकललं, कोपर मारलं, तरी उठून हसायची. सर म्हणायचे, "नदाफ, जरा डोकं वापर." तर ही म्हणायची, "पाय चालत्यात तवर डोक्याला कशाला तरास द्यायचा सर?" पण डोकं होतं. चांगलं तल्लख होतं. विद्यापीठाच्या संघात निवड झाली, तिथून पुढं खेळता आलं, तर खेळाडूंच्या कोट्यातून पोलिसात जाता येतं, याची सगळी माहिती तिनं पहिल्याच वर्षी काढून ठेवली होती. तिला फौजदार व्हायचं होतं. अब्बांनी पदवीपर्यंतची मोकळीक दिली होती, पुढं लग्न. म्हणजे तिसऱ्या वर्षाच्या स्पर्धा ही तिची शेवटची संधी. हे तिनं फक्त मला सांगितलं होतं, आणि तेही माझीच पोळी खात.

त्या वर्षी स्पर्धा साताऱ्याला होत्या आणि अंतिम सामन्याला विद्यापीठाचे निवडकर्ते येणार होते. आठ दिवस आधी सरावात रेश्मा वळली आणि तिच्या गुडघ्यात काहीतरी कट्कन वाजलं. मी शेजारीच होते, मला ऐकू आलं. संध्याकाळपर्यंत गुडघा टम्म फुगला. तिनं हॉस्टेलवरच्या खोलीचं दार लावून घेतलं आणि माझा हात स्वतःच्या डोक्यावर ठेवला. "माझी शपथ हाय तुला. सरांना कळलं तर बसवत्यात मला." मी शपथ घेतली. आठ दिवस सकाळ-संध्याकाळ मी तिचा गुडघा बांधत होते. आधी अब्बांच्या दुकानातला पिंजलेला कापूस, त्यावर बँडेज, त्यावर लांब पायमोजा. "कापूस लय गुणाचा," ती दात आवळून म्हणायची, "कायबी झाकतंय."

साताऱ्यात सामन्याच्या दिवशी सकाळी कदम सरांनी मला एकटीला बाजूला घेतलं. "नदाफ पाय जपून टाकतेय. काही झालंय का तिला? तुला माहीत असणार."

मी म्हणाले, "नाही सर. प्रवासानं दमलीय."

आता इथं मला स्वतःची बाजू सावरून घेता येईल. मैत्रिणीची शपथ होती, तिचं स्वप्न होतं, वगैरे. तेही होतंच. पण त्याहून मोठी गोष्ट वेगळी होती. ती बसली तर तिच्या जागी मी खेळणार, हे शेंबड्या पोरालाही कळलं असतं. स्वतःला खेळायला मिळावं म्हणून हिनं चहाडी केली, असं सगळ्या टीमनं म्हटलं असतं. मला माझं नाव जपायचं होतं. तिचा गुडघा त्यानंतर.

पूर्वार्धात रेश्मा अशी खेळली की समोरच्या कॉलेजची पोरंसुद्धा टाळ्या वाजवत होती. निवडकर्त्यांतल्या एका बाईंनी सरांना बोलावून तिचं नाव विचारलं. उत्तरार्ध सुरू होऊन पाचएक मिनिटं झाली असतील. दोघी अंगावर आल्या, हिनं एक पाय रोवला आणि गर्रकन वळली. मी शिकवलं होतं अगदी तसंच. आणि खाली कोसळली. तिला कुणी धक्कासुद्धा लावला नव्हता. तिला उचलून बाहेर आणलं, सर मला म्हणाले, "जा," आणि मी गेले. आम्ही जिंकलो. मी बरी खेळले. आणि निवडकर्त्यांनी माझं नाव लिहून घेतलं.

मिरजेच्या डॉक्टरांनी सांगितलं, गुडघ्यातला बंध तुटलाय, आधीच दुखावला होता, त्यावर खेळायलाच नको होतं. ऑपरेशन झालं. चालता येईल, पण पूर्वीसारखं धावता येणार नाही. मी भेटायला गेले तर पलंगावरून मलाच हसवायला लागली, "फौजदारीण लंगडी झाली गड्या. चोरांची चैन हाय आता." मी विद्यापीठाच्या शिबिराला गेले, पंधरा दिवसांत मन लागेना म्हणून परत आले आणि पुन्हा कधी चेंडूला हात लावला नाही. तिच्याकडं जाणंही हळूहळू कमी केलं. तिच्या लग्नालासुद्धा काहीतरी निमित्त सांगून गेले नाही. तिचे फोन मात्र यायचे. ईदला, माझ्या वाढदिवसाला, अगदी न चुकता.

गेल्या हिवाळ्यात ऑफिसच्या कामानं पाटणला जायचं होतं. रेश्मा तिथंच शाळेत खेळाची शिक्षिका आहे. नवऱ्यानं, सासऱ्यांनी पुढं शिकू दिलं, याचं कौतुक ती प्रत्येक फोनवर सांगते. म्हटलं, आता तरी तोंड दाखवावं. शाळा सुटल्यावर मैदानावर गेले. रेश्मा अंगानं भरलीय, पण गळ्यात शिट्टी, आवाज तसाच खणखणीत. बारा-पंधरा मुली दोघी-दोघी समोरासमोर उभ्या होत्या आणि ती एकेका जोडीपुढं थांबून विचारत होती. "हिला काय दुखतंय?" "हिची झोप झालीय का?" ज्या मुलीला विचारायची, तिच्याबद्दल नव्हे, समोरच्या मुलीबद्दल. एक चिमुरडी घुटमळली आणि खाली मान घालून म्हणाली, "मॅडम, हिचा घोटा सुजलाय. कालपास्नं." दुसरीनं तिच्याकडं असं बघितलं की वाटलं आता खातेय हिला. पुढच्या आठवड्यात त्यांचा कराडला सामना होता. रेश्मानं घोटा दाबून पाहिला आणि म्हणाली, "बस बाजूला. कराडला तू न्हाईस." ती पोर ढसाढसा रडली.

सराव संपल्यावर आम्ही पायरीवर बसलो. मी विचारलं, "जिचं तिलाच का नाही विचारत?"

"जिचं ती खरं सांगती व्हय कवा? म्या सांगितलं हुतं का?"

मग मला राहवलं नाही. मी सगळं सांगून टाकलं. त्या सकाळी सरांनी मला एकटीला विचारलं होतं, मी त्यांच्या तोंडावर खोटं बोलले होते, आणि का बोलले तेही. शपथेसाठी नाही, माझं नाव खराब होऊ नये म्हणून. बोलता बोलता माझं नाक वाहायला लागलं.

"सरांनी इचारलं हुतं व्हय तुला?" ती म्हणाली. एवढंच तिला ठाऊक नव्हतं.

"हो."

"तू सांगितलं असतंस न्हवं, तर म्या जन्मात तुझं तोंड बघितलं नसतं. लय शिव्या घातल्या असत्या."

मला एकदम सुटल्यासारखं झालं. मी डोळे पुसले, हसायलाही लागले. "तेच ना गं! तुझा स्वभाव मला माहीत नव्हता का?"

ती हसली नाही. मैदानाच्या त्या टोकाला मघाच्या दोघी एकमेकींकडं पाठ करून चपला घालत होत्या. रेश्मा त्यांच्याकडं बघत राहिली. मग माझ्या पाठीवर हात ठेवून अगदी मायेनं म्हणाली, "तरीबी सांगायचं हुतंस गं."