सुधाकाकूंचं गॅरेजमधलं पातेलं

सुधाकाकूंना मी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा त्यांच्या हातात सोललेली अख्खी कोंबडी होती. कोपरापर्यंत पिवळे रबरी मोजे, अंगात जुना रेनकोट आणि तोंड भिंतीकडे फिरवलेलं. ही २००४ सालची गोष्ट. अमेरिकेत शिकायला आले तेव्हा वेस्ट विंडसरमधल्या त्यांच्या घरात मी एक खोली भाड्यानं घेतली होती, आणि फोनवर त्यांनी मला बजावलं होतं, "आमच्याकडे अंडंसुद्धा चालत नाही हं." मी सुटकेस धरून गॅरेजच्या दारात उभीच राहिले. मला वाटलं, घर चुकलं.

"घाबरू नकोस गं, ये," त्या म्हणाल्या. "ही आपली नाही, हेल्गाची आहे."

हेल्गा म्हणजे शेजारी एकटी राहणारी, ऐंशी ओलांडलेली जर्मन बाई. काकूंचं बाळंतपण झालं तेव्हा माहेरहून-सासरहून कोणीच येऊ शकलं नव्हतं. तेव्हा ही बाई महिनाभर रोज येत होती. "तूपभात करून घालायची मला," काकू सांगायच्या. "तूप कसलं, जळकं लोणी ते! पण घातलं." आता हेल्गाच्या हातून स्वयंपाक होत नव्हता, म्हणून दर रविवारी काकू तिच्या माहेरचा चिकन स्ट्यू करत. गॅरेजमध्ये त्यासाठी वेगळी शेगडी, वेगळं पातेलं, वेगळे चमचे. त्यांतलं काही कधी घरात आलं नाही.

कोंबडी, गाजर, सेलरी, तमालपत्र घालून सगळं मंद उकळायचं. मग मैदा, अंडं नि दूध कालवून चमच्यानं त्याचे गोळे, म्हणजे डंपलिंग्ज, वर सोडायचे. "आपली वरणफळंच ही, फक्त वरणाच्या जागी बिचारी कोंबडी," काकू म्हणत. झाकण ठेवलं की त्या त्यांचं रोजचं स्तोत्र दोनदा म्हणत. दुसऱ्यांदा संपलं की डंपलिंग्ज शिजले असं समजायचं. कोंबडीवर स्तोत्र! आमच्या घरी रविवारी मटण असायचं, तरी मला ते ऐकून धसका बसला होता.

चव मात्र त्या घेत नसत. "नैवेद्य आपण चाखून करतो का? अंदाजानंच करतो ना? पण देव तक्रार करत नाही, हेल्गा करते. म्हणून आता तू." असं म्हणून त्या चमचा माझ्यापुढे धरत. "कसंय?"

"छान आहे, काकू."

मी दर वेळी हेच सांगितलं. खरं तर ते अळणी असायचं आणि गोळे आतून पिठाळ. पण आमच्या घरात कॉलेजात गेलेली मी पहिलीच. इथे मी प्रोफेसरांनाही न समजता "समजलं" म्हणत होते. ज्यांनी घरात जागा दिली त्यांना मीठ कमी आहे असं मी कोणत्या तोंडानं सांगणार?

नोव्हेंबरपासून हेल्गा विसरायला लागली, संशय घ्यायला लागली. काकूंनी वाटी पुढे केली की एक घास घेऊन ती बाजूला सारायची. "नॉट माइन," म्हणायची. "समबडी पुट समथिंग." तिची मुलगी कॅरन पेनसिल्व्हेनियातून यायची. तिनं काकूंना स्पष्ट सांगितलं, वजन आणखी उतरलं तर ख्रिसमसनंतर आईला नर्सिंग होममध्ये, म्हणजे वृद्धाश्रमातच, ठेवावं लागेल. हेल्गाला त्या जागेची फार भीती होती. तिनं काकूंकडून वचन घेतलं होतं की मला माझ्या घरातून हलवू देऊ नकोस.

डिसेंबरातल्या एका रविवारी मी काकूंबरोबर वाटी घेऊन गेले. हेल्गानं ओठ घट्ट मिटले. काकूंनी गोंजारलं, रागावून पाहिलं. "हेल्गा, प्लीज, फॉर मी."

हेल्गानं काकूंवर बोट रोखलं. "देन यू ईट. यू फर्स्ट."

मी घाईनं म्हणाले, "मी खाते ना, काकू."

"नो," हेल्गा म्हणाली. "हर."

काकूंनी वाटी स्वतःपुढे ओढली. मग पदर खोचावा तशी त्यांनी ओढणी खोचली, चमचा भरला, त्यात डंपलिंगचा तुकडा आणि कोंबडीचा धागा दोन्ही आले, आणि तो तोंडात घातला. चावला. गिळला. चौसष्ट वर्षांत ज्या बाईनं केकसुद्धा विचारून खाल्ला, तिनं माझ्यासमोर कोंबडी खाल्ली होती. हेल्गानं त्यांचा गळा हलताना नीट पाहिला, मग स्वतः तोंड उघडलं. त्या दिवशी तिनं चार चमचे खाल्ले.

परतताना अंगणात बर्फ होतं. काकू रडतील, ओकतील, काय होईल याची मला धास्ती वाटत होती. दाराशी येऊन त्या थांबल्या.

"मीठ कुठंय त्यात?"

मी बुटांवरचं बर्फ झटकू लागले.

"आणि गोळे कच्चे! तीन महिने तू मला छान छान काय सांगत होतीस? ती बिचारी सांगत होती, हे माझं नाही म्हणून. आम्ही तिला वेडी ठरवत होतो!"

कोंबडी खाल्ल्याबद्दल त्या एक शब्द बोलल्या नाहीत. माझ्या 'छान'चाच त्यांना धक्का बसला होता. इतकी लाज मला आयुष्यात वाटली नव्हती.

पुढच्या रविवारी चमचा समोर आला तेव्हा मी नीट चाखलं. "काकू, अजून मीठ हवं. आणि स्तोत्र तीनदा म्हणा."

"बोललीस एकदाची!" काकू म्हणाल्या.

हेल्गानं त्या दिवशी वाटी संपवली. मात्र पहिला चमचा काकूंनीच खायचा, हा नियम कायम राहिला. दर रविवारी त्या एक चमचा खात, घरी येऊन आंघोळ करत, आणि मग देवापुढे बसत. कॅरननं नर्सिंग होमचे कागद परत नेले. पुढच्या वर्षी एप्रिलमध्ये हेल्गा गेली, ती स्वतःच्या पलंगावर.

अंत्यविधीनंतर चर्चमधल्या जेवणात कॅरननं आईचा स्ट्यू केला होता. काकूंनी वाटी माझ्याकडे सरकवली. "मला मिठाशिवाय काय कळतं त्यातलं? तू सांग. कसंय?"

मी खाल्लं. "तुमच्यासारखं नाही झालं, काकू."

त्यांनी वाकून माझ्या डोळ्यांत पाहिलं. "खरं?"

"खरं."

मग कुठे त्या रडल्या.