वेगळ्या पाकिटातली मतं

आमच्या थोरल्या साडूंइतका स्वतःच्याच अधिकाराला भिणारा अधिकारी साऱ्या नगर जिल्ह्यात झाला नाही, आणि पुढं होईल असंही वाटत नाही. इतर साहेब खुर्चीत बसले की आपल्याला काय काय करता येतं ते बघतात. हे कामगार खात्याच्या खुर्चीत बसल्यापासून आपल्याला काय करता येत नाही, त्याचाच अभ्यास करत आले. एस.टी.त जागेवरून दोघांची जुंपली आणि लोकांनी यांच्या हातातली फाईल बघून न्याय मागितला, तर म्हणाले, "तो अधिकार कंडक्टरचा." मुलीला बघायला आलेल्या मंडळींनी "तुमची पसंती कळवा" म्हटलं, तर भर बैठकीत उत्तर, "पसंती मुलीची. मी फक्त कळवणार." मेहुणीनं कपाळावर हात मारून घेतला. खरं सांगायचं तर संसार तिनंच केला, हे नुसते हजर राहिले.

सत्तरच्या दशकाच्या सुरुवातीला मी केडगावच्या एका फाउंड्रीत स्टोअरला होतो. तिथं दोन युनियन, आणि कामगारांच्या वतीनं मालकाशी कुणी बोलायचं यावरून रोज हमरीतुमरी. शेवटी मालक आणि दोन्ही युनियन गुप्त मतदानाला राजी झाले, आणि ते घ्यायला सरकारातून आले आमचे साडू! मी नव्या युनियनचा. म्हटलं, चला, घरचा माणूस आला. पण गेटवर त्यांनी मला ओळखसुद्धा दाखवली नाही.

गाडी अडली ती कँटीनवर. तिथं भाकऱ्या थापणाऱ्या एक मावशी आणि त्यांच्या जोडीची माणसं मतदानाच्या रांगेत उभी राहिली. मॅनेजर म्हणाले, ही ठेकेदाराची माणसं, कारखान्याची नव्हेत, बाहेर काढा. मावशी पदर खोचून पुढं आल्या.

"सायेब, ह्या चुलीपुढं माझे केस पिकले. मी हितली हाय का न्हाई, तेवढं सांगा."

साडूंनी चष्मा पुसला. "बाई, तुम्ही इथल्या कामगार आहात, असं म्हणायचा अधिकार मला नाही."

मॅनेजर हसले.

"आणि नाही म्हणायचाही नाही," साडूंनी वाक्य पुरं केलं. " मत द्या. ही मतं वेगळ्या पाकिटात राहतील. मोजायची की नाही ते कोर्ट ठरवेल."

बाकीची मतं मोजली, तर दोन्ही युनियन इतक्या जवळजवळ की सगळा निकाल त्या पाकिटात अडकला. पुण्याहून वरिष्ठांचा फोन आला, कँटीन वगळा आणि मोकळे व्हा. साडू नम्रपणे म्हणाले, "साहेब, तेवढं लेखी पाठवा." लेखी काही आलं नाही. पाकीट लाखेची मोहोर लावून कोर्टात गेलं, आणि दोन्ही युनियननी साडूंना मनसोक्त शिव्या घातल्या. मीही घरी जाऊन भांडलो. "अहो, एक शब्द बोलला असतात, तर त्या बाईचं काम झालं असतं!"

"आज मी माझ्या मर्जीनं तिला आत घेतलं," ते म्हणाले, "तर उद्या दुसरा साहेब त्याच्या मर्जीनं बाहेर काढेल."

कोर्टाला घाई नव्हती. निकाल यायला वर्षं गेली. कँटीनची माणसं कारखान्याचीच ठरली, पाकीट उघडलं, नवी युनियन काठावर जिंकली. आम्ही गुलाल उधळला. मावशी मात्र तोवर गुडघ्यांनी थकून राहुरीजवळ लेकीकडं गेलेल्या. त्यांची आठवण आमच्यापैकी एकालाही झाली नाही.

पुढच्या रविवारी साडू दारात उभे. "राहुरीला येता का?" खात्यानं पाठवलंय का, असं मी विचारलं. "नाही," म्हणाले, आणि मान खाली घातली.

मावशी अंगणात गवार निवडत बसल्या होत्या. साडू पाठांतर म्हणून दाखवणाऱ्या पोरासारखे ताठ उभे राहिले. "बाई, तुमचं मत मोजलं."

मावशींनी हातातली शेंग खाली ठेवली. त्या म्हणाल्या, "मंजी मी तिथली हुते."

"हो," साडू म्हणाले.

कुणाचा हवाला न देता, कुठला नियम न सांगता, इतका सरळ 'हो' त्यांच्या तोंडून मी त्याआधी कधी ऐकला नव्हता. पुढंही कधी ऐकला नाही. आता तर ते नाहीत.