उसात वाजणारं माझं संगीत

शहाद्याच्या स्टँडवर पुण्याची गाडी लागली, तेव्हा आप्पांनी खिडकीतून रुमाल टाकून माझी जागा धरली. मी मात्र देवाला विनवत होते की कुणीतरी तो रुमाल उचलून फेकून द्यावा. जागा नाही मिळाली तर आजचं जाणं उद्यावर जाईल, एवढीच माझी आशा. पण रुमाल कुणी उचलला नाही. मांडीवर हार्मोनियम आणि पायाशी दशम्यांचा डबा घेऊन मी बसले. माय पदर तोंडाला लावून उभी होती. आप्पा खिडकीचा गज धरून म्हणाले, "भ्याव वाटनं ते घर निंघी ये. लाज धरू नको." धुळ्यापर्यंत मी डोळेच उघडले नाहीत.

हे वाचणारे तुम्ही आमच्याकडचे असाल, तर तुमच्यापैकी कितीतरी जण त्याच स्टँडवरून निघाले असतील. कुणी सुरतला, कुणी नाशिकला, कुणी पार दुबईला. तुम्हाला काय वाटत होतं ते मला ठाऊक नाही. मी जात्याच भित्री. आमच्या गावी, ब्राह्मणपुरीला, केळीच्या बागेतून विहिरीकडे जायचं तर मी घसा फाडून गाणं म्हणत जायची, कारण वाऱ्याने केळीची पानं एकमेकांना घासली की मागून कुणी चालत येतंय असं वाटायचं. लोकांना वाटलं, पोरीला गाण्याची आवड आहे. शाळेच्या बाईंनी शिकवणी लावायला सांगितलं, आणि एका भित्र्या पोरीची गाणारी पोर झाली. मुलाखतीत मी हे सांगत नाही. तिथे मी रियाजाबद्दल बोलते.

पुण्यात संगीत शिकले, मग मुंबईला आले. दोन्हीकडे घाबरतच राहिले. घरमालकिणीला घाबरले, निर्मात्यांना घाबरले, तोंडातून चुकून 'आहे'च्या जागी घरचं 'शे' निघेल म्हणून बोलायलाही घाबरले. पहिलं मोठं काम मिळालं तेही एका भुताच्या सिनेमाचं. मी ज्यांच्या हाताखाली होते ते संगीतकार गाणी स्वतः करायचे आणि घाबरवायचे तुकडे माझ्याकडे टाकायचे. त्यांनी अगदी योग्य माणूस निवडला होता. बाकीचे भीती दाखवायला व्हायोलिन किंचाळवत होते. मला माहीत होतं की आवाजाने माणूस एवढा घाबरत नाही. रातकिडे ओरडत असतात तोवर शेतात सगळं ठीक असतं. ते एकदम गप्प झाले की अंगावर काटा येतो. मी आवाज चढवत न्यायची आणि मध्येच तोडायची. थिएटरात लोक खुर्चीचे हात धरायचे.

त्या शांततेवरच माझं पोट चाललं. त्यानंतर प्रायोगिक नाटकं मिळाली, आणि मग एका नृत्यदिग्दर्शिकेने मला कंटेम्पररी डान्सच्या तिच्या नव्या प्रयोगाला बोलावलं. या नाचात ठेका धरून पाय टाकायचे नसतात. नाचणारे पडतात, उठतात, नुसते उभेही राहतात. तिच्यासाठी मी तासाभराचं संगीत केलं. त्यात मधोमध ढोल अचानक थांबतात आणि बराच वेळ काहीच वाजत नाही. नाचणारे अंधारात उभे असतात आणि फक्त त्यांचा श्वास ऐकू येतो. पहिल्या प्रयोगाला त्या शांततेत सभागृहात कुणी खोकलंसुद्धा नाही. पेपरात माझ्या शांततेचं कौतुक छापून आलं.

आप्पा आणि माय त्या प्रयोगाला येऊ शकले नाहीत, घरी ऊसतोड चालू होती. म्हणून मी ते संगीत आप्पांना व्हॉट्सॲपवर पाठवलं. त्यांनी जोडलेल्या हातांचं चित्र पाठवलं. मला वाटलं, विषय संपला.

त्याच सुमारास आमच्या शिवारात बिबट्या आला. आधी शेजाऱ्यांचं कुत्रं गेलं, मग आमच्या विहिरीजवळ पंजे उमटलेले दिसले. उसाला पाणी भरणारी माणसं यायची बंद झाली. त्यांचं काय चुकलं? पण आमच्याकडे विहिरीवरच्या मोटारीला लाइट एक आठवडा दिवसा असते आणि एक आठवडा पहाटे, आणि तोडायचा राहिलेला ऊस पाण्यासाठी काही बिबट्या जाण्याची वाट बघत नाही. आप्पा स्वतः जायला लागले. मी फोनवर रडले, भांडले, मुंबईला चला म्हणाले. ते म्हणाले की सगळं गाव जातं, त्यात आपलं काय वेगळं. माणसाचा आवाज असला की जनावर जवळ येत नाही म्हणून जो तो स्पीकर घेऊन जायचा. कुणी भजनं लावायचं, कुणी लग्नातली गाणी.

आप्पा काय लावतात ते मला मायने सांगितलं, आणि तेही हसत हसत. ते माझं डान्सचं संगीत लावायचे. मीही हसले. कंटेम्पररी डान्सचं संगीत ऐकणारा नंदुरबार जिल्ह्यातला पहिला रसिक बिबट्याच असणार, असं मी स्टुडिओत सगळ्यांना सांगितलं. आप्पांना विचारलं की एवढी गाणी सोडून हेच का. ते म्हणाले, "घरनं मानूस संगे शे आसं वाटस." मग म्हणाले, "पन तुन्हं गाणं मधमाच बंद पडस पोरी. तव्हय माले भ्याव वाटस."

माझं हसणं तिथेच थांबलं. माझ्या ज्या शांततेला टाळ्या पडत होत्या, तिच्यात माझा बाप पहाटेच्या अंधारात उसाच्या सरीत एकटा उभा होता. मी म्हटलं, ते बंद करा, भजनं लावा. ते मला समजावायला लागले की तेवढी जागा सोडली तर बाकी झकास आहे. आणि कालपासून त्या जागेचंही काही वाटत नाही, म्हणे.

"तू त्यामा स्वास भारी करेल शे," ते म्हणाले. "काल नीट ऐकू उना. येकदम जोडेच वाटस."

मोटारीच्या खोलीच्या भिंतीला पाठ लावून ते तो अगदी जवळचा श्वास ऐकत उभे राहिले होते. ढोल पुन्हा सुरू झाले, मग ते पाणी बघायला गेले. श्वास त्या संगीतात नव्हताच. तो नाचणाऱ्यांचा असतो, रंगमंचावर, माइकमधून येणारा. आप्पांना पाठवलेल्या फाइलमध्ये त्या जागी काहीही नाही. तरी मी फाइल उघडली, हेडफोन लावले आणि आवाज पूर्ण वाढवून ऐकली. काहीही नव्हतं.

सांगावं की नाही, यात माझी एक अख्खी संध्याकाळ गेली. सांगितलं तर त्यांचा सोबतीचा आधार जाईल, आणि न सांगितलं तर पुन्हा ते त्याच भिंतीला टेकून निवांत उभे राहतील. शेवटी मी फोन केला. म्हटलं, "आप्पा, त्यामा स्वास नही शे."

मागे मायच्या भांड्यांचा आवाज येत होता.

"मंग तो बी ऐकी ऱ्हायंता," ते म्हणाले.

आता मी त्यांच्यासाठी नवीन केलं आहे. लाइट जितका वेळ असते तितकं लांब. त्यात एक क्षणही शांतता नाही. ढोल संपले की मी गाते, गाणं संपलं की बोलते, घरच्या बोलीत, काय सुचेल ते. मायला कोणती भाजी चांगली जमत नाही तेही त्यात आहे. संगीत म्हणून ते मी कुणालाही ऐकवणार नाही. आप्पांची तक्रार एवढीच की पोरगी फार बोलते.

या आठवड्यात पुन्हा पहाटेची लाइट आहे. मी फोन समोर ठेवून ओट्याशी उभी आहे. चहा दोनदा गरम केला, तसाच पडून आहे. या वेळी तिकडे उसात माझा आवाज चालू असेल. आप्पा ऐकत असतील, आणि कदाचित आणखी कुणी. घराची आठवण येते का, असं मला लोक विचारतात. आठवण फारशी येत नाही, भीती वाटते. आप्पा दारात आले की माय फोन करते आणि "उनात" एवढंच म्हणते. त्या एका शब्दाने मी घरी पोहोचते.

आज तो फोन अजून आलेला नाही.