अंधाऱ्या दाराचं गाणं

गेल्या रविवारी सातपूरला आमच्या चर्चची नाताळची गाणी-फेरी निघाली होती. ढोलकी, कीबोर्ड, लाल टोप्या आणि आम्ही वीस-बावीस जण... घरोघरी जायचं, दोन-तीन गाणी म्हणायची, चहा-करंजी खायची आणि पुढचं घर गाठायचं.

कोणाच्या घरी थांबायचं याची यादी दरवर्षी मी करतो. या कामाचा मला जरा माजच आहे, खोटं कशाला बोलू? यंदा त्या यादीतलं एक घर मी स्वतःच्या हाताने खोडलं... मार्था काकूंचं.

काकूंचे मिस्टर, आमचे सुधाकर काका, सप्टेंबरमध्ये गेले. आमच्याकडे रीत अशी की वर्षभरात ज्या घरातलं माणूस गेलंय त्या घरावर नाताळचा तारा लावत नाहीत, फराळ करत नाहीत आणि फेरीही तिथे थांबत नाही. त्यांचं गेट आलं तशी मीच ढोलकी बंद करायला सांगितली. माना खाली घालून आम्ही गुपचूप पुढे गेलो, आणि आपण किती समजूतदार आहोत असंही मला वाटून गेलं.

शेजारच्याच घरी 'अंधाऱ्या दारी थांब रे ताऱ्या' सुरू झालं... जोरात, टाळ्यांवर.

हे गाणं आमच्याकडे लहान पोरांनाही पाठ आहे. संडेस्कूलमध्ये त्यावर डान्स बसवतात, लग्नात बँडवाले वाजवतात, कोणीतरी रिमिक्स करून यूट्यूबवरही टाकलंय. नांदगावला माझ्या मावशीच्या चर्चमध्येसुद्धा नाताळ या गाण्याशिवाय होत नाही. आमच्या गाण्यांच्या कागदावर त्याच्या खाली 'पारंपरिक' असं छापलंय... तो कागद टाईप करणाराही मीच.

सोमवारी कामावरून आल्यावर फराळाचा डबा घेऊन काकूंकडे गेलो. दुःखाच्या घरी शेजारपाजारचे फराळ देतात, तेवढंच आपलं कर्तव्य. दार उघडंच होतं.

बाहेरच्या खोलीत भिंतीला लागून खुर्च्या मांडलेल्या होत्या. खाली सतरंजी, टेबलावर ट्रेमध्ये कप उपडे घालून ठेवलेले. आत ओट्यावर मोठं पातेलं होतं... कालचा चहा, वर साय धरलेला.

"काल थांबला नाहीत रे," काकू म्हणाल्या. रागावल्या असत्या तर बरं झालं असतं.

मी रीतभात समजावायला लागलो. हो, त्यांना, सत्तरीच्या बाईला, मी रीत समजावत होतो! त्यांनी ऐकून घेतलं, मग उठून बायबलमधून एक कार्ड काढलं आणि माझ्या हातात दिलं. कारखान्यातलं जॉब कार्ड... पिवळं पडलेलं, कडेला तेलाचे डाग. काका टर्नर होते.

मागच्या बाजूला पेन्सिलीने गाणं लिहिलेलं होतं. अंधाऱ्या दारी थांब रे ताऱ्या... अक्षर काकांचं. पहिल्या ओळीच्या पुढे मी वाचलंच नाही.

काकांना पेटी वाजवताना मी लहानपणापासून पाहिलंय. पण हे गाणं त्यांचं आहे हे ते कधी बोलले नाहीत, आणि मी कधी विचारलं नाही.

त्यांना एक मुलगी होती, हेसुद्धा मला त्या दिवशी कळलं. शांता. चार वर्षांची असताना नोव्हेंबरमध्ये तापाने गेली... माझ्या जन्माच्या आधीची गोष्ट. त्या डिसेंबरात फेरी आली तेव्हा काका दारातच उभे होते, आणि फेरी अशीच मान खाली घालून निघून गेली.

"तेव्हा घरात आवाज पाहिजे होता रे... कसलाही," काकू म्हणाल्या. "हे दुसऱ्या दिवशी शिफ्ट करून आले ते गाणं लिहूनच."

पुढच्या वर्षापासून काका स्वतः फेरीत जायला लागले. दुःखाचं घर आलं की तिथे थांबायचे आणि हे गाणं म्हणायचे... हळू, ढोलकीशिवाय, पायरीवर बसून. लोकांना चाल आवडली. मग ते सगळ्याच घरी व्हायला लागलं, मग ढोलकी आली, मग कीबोर्ड. मी फेरीत यायच्या आधीच काकांचे गुडघे गेले, त्यांचं फिरणं थांबलं आणि दुःखाच्या घरी थांबणंही थांबलं.

मी तिथूनच ग्रुपवर मेसेज टाकला. निम्मे जण सेकंड शिफ्टला... सहा जण आले. दारापाशी उभं राहून सुरू केलं, तर आम्हाला ते हळू म्हणताच येईना. दोन ओळी झाल्या की पाय आपोआप ठेका धरायचे, आणि आम्ही कसंनुसं होऊन परत पहिल्यापासून सुरू करायचो.

कसंबसं दुसरं कडवं संपवलं. आम्हाला वाटलं, संपलं गाणं.

काकू पायरीवर बसल्या होत्या. त्यांनी तिसरं कडवं सुरू केलं... एकट्यांनी, मधेच श्वास घेत. त्यात शांताचं नाव होतं. इतकी वर्षं मी हे गाणं म्हणतोय, त्याला तिसरं कडवं आहे हेच मला माहीत नव्हतं. उदास म्हणून कोणीतरी कधी गाळलं असणार... तेव्हा कागद माझ्या हातात असता तर मीही गाळलंच असतं.

आमच्यातलं कोणीच त्यांना साथ देऊ शकलं नाही. नंतर त्यांनी चहा टाकला. मांडलेल्या खुर्च्यांपैकी बऱ्याच रिकाम्याच होत्या.

घरी येऊन 'पारंपरिक' खोडलं, काकांचं नाव लिहिलं, तिसरं कडवं टाईप केलं. तेवढंच हातात होतं.

तुमच्याकडेही हे गाणं म्हणत असतील तर एकच विनंती आहे... ज्या घरावर तारा नाही, तिथे थांबा. नीट म्हणता आलं नाही तरी चालेल. मी ढोलकी बंद करून पुढे गेलो, तेव्हा काकू आत चहा गाळायला उठल्या होत्या...